‘सीझन’ला हंगाम म्हणावं की मोसम? निमित्त १९०१ चा मिशिगन संघ

कागदीघोडा: अमेरिकेतल्या कॉलेज फुटबॉलवरचा एक मजकूर मराठीत आणतो आहे. मिशिगन विद्यापीठाच्या संघाचा १९०१ चा ‘सीझन’. अकरा सामने, अकराही जिंकले. केलेले गुण ५५०, दिलेले शून्य. फील्डिंग योस्ट त्याच वर्षी प्रशिक्षक म्हणून ॲन आर्बरला, म्हणजे विद्यापीठाच्या गावी, आला होता. आकड्यांची अडचण नाही, शब्द अडतात. ‘सीझन’ला मोसम, हंगाम की सरळ सीझन? आणि ‘टचडाउन’ (चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या गोलरेषेपार नेणं), ‘डाउन’ (चेंडू पुढे नेण्याचा एक प्रयत्न), ‘टॅकल’ यांचं काय करता? माझा वाचक क्रिकेट-कबड्डी जाणणारा, पण हा खेळ कधी न पाहिलेला आहे.

ओवीबाई: हंगाम. मोसम म्हटलं की मराठी कानाला आधी हवा आणि पाऊस आठवतो: मोसमी वारे, मोसमी पाऊस. मोसम मूळचा अरबी, इंग्रजीतला ‘मान्सून’ही पोर्तुगीजांच्या तोंडून फिरून त्याच घरातला. हंगाम फारसी, अर्थ ‘वेळ, काळ’. आपण त्याला कामाला जुंपलं: खरीप हंगाम, ऊस गाळपाचा हंगाम, आंब्याचा हंगाम. ठरावीक काळात येतो, त्यात सगळी धांदल उडते आणि तो संपला की माणसं मोकळी होतात. फुटबॉलचा सीझन नेमका असाच. इंग्रजी ‘सीझन’चं लॅटिन मूळ तर पेरणीचंच आहे, त्यामुळे हंगाम त्याच्या जास्त जवळ बसतो.

एक धोका मात्र सांगून ठेवते. ‘हंगामी’ हे विशेषण वापरू नका. ‘मिशिगनचे हंगामी प्रशिक्षक योस्ट’ असं लिहिलंत तर वाचक समजेल की बिचाऱ्याला दुसरा कोणी मिळेपर्यंत ठेवलं होतं. हंगामी अध्यक्ष, हंगामी कामगार यांच्या रांगेत तो जाऊन बसेल. प्रत्यक्षात मिशिगनच्या फुटबॉलवर त्याच्याएवढा ठसा फार थोड्यांचा आहे.

तांबडीमाती: आमच्याकडे यात्रेत ‘कुस्त्यांचा हंगामा’ असतो, तो वेगळा. तो एका दिवसाचा. शेवटच्या ‘आ’ला विसरू नका, नाहीतर तीन महिन्यांचे सामने एका दुपारी उरकतील.

कागदीघोडा: मग ‘१९०१ चा हंगाम’ की ‘१९०१-०२’? शेवटचा सामना १ जानेवारी १९०२ ला पॅसडीनात झालाय, स्टॅनफर्डविरुद्ध, ४९-०.

ओवीबाई: रणजीची सवय असलेल्या वाचकाला १९०१-०२ ओळखीचं वाटेल, पण तिथल्या लोकांची पद्धत तशी नाही. ज्या शरदात सुरुवात झाली त्या वर्षाचा हंगाम. ‘१९०१ चा हंगाम’ लिहा आणि जानेवारीचा सामना आला की तारीख द्या, वाचक गोंधळणार नाही.

जुनाजाणता: पॅसडीनाच्या सामन्याला ‘रोझ बोल’ (बोल म्हणजे इंग्रजीतला वाडगा) म्हणू नका, निदान त्या वर्षाच्या संदर्भात तरी. हल्ली त्याला पहिला रोझ बोल म्हणतात हे खरं, पण ते मागाहून दिलेलं नाव. तेव्हा त्याला पूर्व-पश्चिम सामना म्हणत. ज्या वाडग्याच्या आकाराच्या स्टेडियमवरून ते नाव आलं, ते १९२२ चं. सामना भरवला होता ‘टूर्नामेंट ऑफ रोझेस’च्या मंडळींनी, आणि इथे दुसरा सापळा आहे. ‘गुलाब स्पर्धा’ लिहिलंत की संपलं. ती नववर्षाची फुलांची मिरवणूक, तिच्या जोडीला खेळ. ‘गुलाबोत्सव’ बरोबर बसतं. सामना इतका एकतर्फी झाला की मंडळींनी पुढची अनेक वर्षं फुटबॉलचा नादच सोडला. रथांच्या शर्यती लावल्या आणि फुटबॉल परत आणला तो १९१६ साली.

त्या सामन्याचं वर्णन करताना क्रियापदही जपून निवडा. आठ मिनिटं शिल्लक असताना स्टॅनफर्डच्या बाजूनेच खेळ थांबवायची विनंती झाली आणि मिशिगनने ती मानली. ‘स्टॅनफर्ड मैदान सोडून गेले’ लिहिलं तर भांडण झाल्यासारखं वाटतं. ‘हार पत्करली’ पुरेसं आहे. गंमत म्हणजे आदल्या हंगामात हाच योस्ट स्टॅनफर्डचा प्रशिक्षक होता.

तांबडीमाती: टॅकलला ‘पकड’. सरळ. सगळ्या महाराष्ट्राला कळतं.

जुनाजाणता: पकड चालेल, पण एकट्याने नाही. कबड्डीत चढाईवाल्याला मध्यरेषेपर्यंत पोचू दिलं नाही की पकड यशस्वी, पाडायलाच हवं असं नाही. इथे चेंडूवाल्याला जमिनीवर आणायचं असतं. पहिल्यांदा ‘पकडून पाडणे’ लिहा, मग पुढे पकड म्हणा.

‘डाउन’ला ‘चढाई’ म्हणायचा मोह होईल, तो आवरा. चढाईला एकटा जातो, डाउनमध्ये अकराच्या अकरा जण घुसतात. ‘डाव’ही नको, क्रिकेटवाला त्याला इनिंग्ज समजेल आणि कुस्तीवाला धोबीपछाड.

ओवीबाई: ‘खेप’ कसं वाटतं? ‘तिसऱ्या खेपेला जमलं’ असं आपण म्हणतोच. त्या काळचा नियम तीन खेपांत पाच यार्ड पुढे सरकण्याचा होता ना?

जुनाजाणता: हो, आणि खेप छानच बसतो. चेंडू पुढे फेकायलाही बंदी होती. त्यामुळे १९०१ चा खेळ म्हणजे ढुशा मारत, रेटत पुढे जायचं. फेक कायदेशीर झाली १९०६ मध्ये. जखमा आणि मृत्यू इतके वाढले होते की राष्ट्राध्यक्ष रूझवेल्टनी १९०५ मध्ये त्यात लक्ष घातलं, मग नियम बदलले. तीन खेपांत दहा यार्ड हेही १९०६ चं, आणि चौथी खेप आली १९१२ मध्ये. तेव्हा तुमच्या मजकुरात कोणी ‘चौथ्या खेपेला’ काही केलं असेल तर मूळ लेखकाला पकडा.

टचडाउन मात्र टचडाउनच ठेवा. ‘भूस्पर्श’ वगैरे करू नका, विमान उतरल्यासारखं वाटतं. फक्त एक टीप द्या: तेव्हा टचडाउनला पाच गुण होते, सहा झाले १९१२ पासून. स्टॅनफर्डविरुद्ध नील स्नोने पाच टचडाउन केले, म्हणजे पंचवीस गुण. आजच्या हिशेबाने वाचक तीस मोजेल आणि तुमची बेरीज चुकली म्हणून पत्र पाठवेल.

कागदीघोडा: ‘५५० गोल’ असं एका जुन्या टिपणात वाचलं होतं. ते चूकच ना?

ओवीबाई: चूकच. मराठीत फुटबॉल म्हटला की गोल आपोआप उमटतो. इथे गुणच म्हणा. बफेलोला १२८-० हरवलं तिथे ‘१२८ गोल’ वाचून कोणाचाही विश्वास बसणार नाही. त्या हंगामासाठी आपल्याकडे शब्दांची वाण नाही: बफेलोचा धुव्वा उडवला, बेलॉइटला ८९-० असं लोळवलं, आणि अकराही प्रतिस्पर्ध्यांना भोपळा फोडू दिला नाही. भोपळा इथे अगदी चपखल. धुव्वा मात्र एकदाच. ओहायो स्टेटवर २१-० असा विजय आहे, तिथे नुसतं ‘हरवलं’ म्हणा, नाहीतर प्रत्येक सामन्यात धूर निघेल.

सातासमुद्रापार: मिशिगनमध्ये राहते म्हणून एक शंका. ‘कॉलेज फुटबॉल’ला ‘महाविद्यालयीन’ म्हणणार, पण संघ विद्यापीठाचा. आपल्याकडे विद्यापीठाचा संघ म्हणजे संलग्न कॉलेजांतून निवडलेली पोरं. इथे तसं काही नाही, त्या एकाच संस्थेत शिकणाऱ्यांचा तो संघ. वाचक ‘आंतरमहाविद्यालयीन’शी घोळ घालेल.

ओवीबाई: चांगला मुद्दा. ‘कॉलेज फुटबॉल’ हे खेळाचं नाव म्हणून तसंच ठेवावं आणि संघाला ‘मिशिगन विद्यापीठाचा संघ’ म्हणावं. महाविद्यालयीन टाळलेलंच बरं, तसाही तो शब्द गॅदरिंगच्या अहवालातच शोभतो.

कागदीघोडा: शेवटचं. ‘पॉइंट-अ-मिनिट’ ही त्या संघांची पदवी. ‘मिनिटागणिक गुण’?

तांबडीमाती: ‘मिनिटाला एक’. लोक असंच बोलतात.

जुनाजाणता: तांबडीमातींशी सहमत. पण ही पदवी एका वर्षाची नाही, १९०१ ते १९०५ च्या योस्टच्या सगळ्या संघांची, तेवढं लिहा. त्या पाच हंगामांत त्यांनी २,८२१ गुण केले आणि ४२ दिले. सलग ५६ सामने अपराजित राहिले. ‘सलग ५६ विजय’ लिहू नका, १९०३ मध्ये मिनेसोटाशी ६-६ अशी बरोबरी आहे. मालिका तुटली १९०५ च्या अखेरच्या सामन्यात, शिकागोकडून २-० अशी. ते दोन गुण ‘सेफ्टी’चे: मिशिगनच्या खेळाडूला चेंडूसकट त्याच्याच गोलरेषेमागे पाडलं होतं.

कागदीघोडा: आणि सेफ्टीला काय म्हणू?

जुनाजाणता: सेफ्टी. ‘सुरक्षा’ म्हणून बघा आणि मग ज्याच्यामुळे ते दोन गुण गेले त्या पोराला समजावा.