‘रिचर्ड’ या नावाचा अर्थ आणि इतिहास काय आहे?

प्रश्न: सदर, नागपूर येथील एक आजी

सर्वांना सप्रेम नमस्कार. आमचे कुटुंब अनेक पिढ्यांपासून नागपुरात राहणारे मराठी ख्रिस्ती कुटुंब आहे. माझ्या दिवंगत वडिलांचे नाव रिचर्ड होते आणि आता माझ्या नातवाच्या बाप्तिस्म्याची तयारी सुरू असताना त्याला पणजोबांचे नाव द्यावे, अशी माझ्या मुलीची व जावयांची मनापासून इच्छा आहे. घरात मात्र एकमत होत नाही. एका संकेतस्थळावर या नावाचा अर्थ ‘श्रीमंत’ असा दिला आहे, तर दुसऱ्यावर ‘शूर राजा’ असा. आमच्या व्याह्यांचे म्हणणे असे, की हे धर्मयुद्धात (मध्ययुगातील ख्रिस्ती-मुस्लिम युद्धांत, म्हणजे क्रूसेडमध्ये) लढलेल्या एका इंग्रज राजाचे नाव आहे आणि ते लहान बाळाला देताना त्या राजाचे चरित्रही पाहिले पाहिजे. आमच्या समाजात मराठी नावे जपण्याचीही मोठी परंपरा आहे. रेव्हरंड नारायण वामन टिळक आणि लक्ष्मीबाई यांनी ख्रिस्ती झाल्यानंतरही आपली नावे बदलली नाहीत, याचा दाखला घरातील वडीलधारी मंडळी आवर्जून देतात. त्यामुळे या नावाचा खरा अर्थ काय, ते इंग्लंडमध्ये कोठून आले आणि आपल्या नागपूरशी त्याचा काही संबंध आहे का, हे जाणकारांनी सविस्तर सांगावे, ही विनंती.

उत्तर: धरमपेठ येथील भाषाशास्त्राचे अभ्यासक

आजी, नमस्कार. अर्थापासून सुरुवात करतो, कारण घरातील मतभेदाचे मूळ तेथे आहे.

‘रिचर्ड’ हे नाव प्राचीन जर्मानिक भाषांतील (इंग्रजी, जर्मन ज्या गटातून आल्या, त्या भाषांतील) दोन शब्दांच्या जोडणीतून तयार झाले आहे. पहिला शब्द ‘रीक’, म्हणजे सत्ताधीश किंवा राजा. दुसरा ‘हार्ड’, म्हणजे कणखर, बळकट किंवा धैर्यवान. हा दुसरा शब्द आजच्या इंग्रजीतही ‘हार्ड’ म्हणून जिवंत आहे. ‘श्रीमंत’ हा अर्थ इंग्रजीतील ‘रिच’ या विशेषणावरून लावला जातो. ते विशेषण आणि आपल्या नावातील पहिला शब्द एकाच मुळाचे आहेत, हे खरे. परंतु जुन्या इंग्रजीत त्या विशेषणाचा मुख्य अर्थ ‘सामर्थ्यवान’ असा होता आणि धनाचा अर्थ पुढे प्रबळ झाला. नाव घडले तेव्हा त्यात पैशाचा विचार नव्हता.

मराठी वाचकाला अधिक जवळची वाटावी अशी गोष्ट याच्याही मागे आहे. ‘रीक’ हा शब्द जर्मानिक लोकांनी आपल्या केल्टिक शेजाऱ्यांकडून घेतला, असे भाषाशास्त्रज्ञ मानतात. मूळ भारोपीय भाषेतील, म्हणजे युरोपातील आणि उत्तर भारतातील बहुतेक भाषांच्या समान पूर्वज भाषेतील, दीर्घ ‘ए’ हा स्वर केल्टिक भाषांत ‘ई’ झाला होता, जर्मानिक भाषांत तो तसा होत नव्हता. म्हणून या शब्दातील ‘ई’ ही उसनवारीची खूण ठरते. रोमन सेनापती ज्युलियस सीझरशी लढलेल्या गॉल सरदाराच्या ‘व्हर्सिंजेटोरिक्स’ या नावाच्या शेवटी हाच शब्द आहे. लॅटिनमधील ‘रेक्स’ आणि संस्कृतातील ‘राजन्’ हे त्याचेच सख्खे भाऊबंद आहेत. ‘राजन्’ शब्दापासून प्राकृतातून आपला ‘राव’ आला, आणि म्हणून माधवरावांमधला ‘राव’ व रिचर्डमधला ‘रिच’ यांचा उगम अखेरीस एकाच ठिकाणी पोहोचतो. आपल्या घरातील वडीलधाऱ्यांना हे अवश्य सांगावे.

‘शूर राजा’ या अर्थाविषयी मात्र थोडे सावध राहावे, असे माझे मत आहे. शब्दांचे अर्थ बरोबर आहेत. पण ते जोडून त्यातून एक वाक्यार्थ काढणे दर वेळी योग्य ठरत नाही. जर्मानिक समाजात नावे ठराविक शब्दांच्या जोड्यांतून घडवली जात आणि त्यांतील एखादा शब्द आईच्या किंवा वडिलांच्या नावातून घेतला जाई. अकराव्या शतकातील वूस्टरचे बिशप वुल्फस्तान यांचे उदाहरण प्रसिद्ध आहे: वडील एथेलस्तान, आई वुल्फगिफू, आणि दोघांच्या नावांतील एकेक भाग घेऊन मुलगा वुल्फस्तान, म्हणजे शब्दशः ‘लांडगा’ आणि ‘दगड’. सहाव्या शतकातील फ्रँकांची राणी फ्रेडेगुंड हिच्या नावात तर ‘शांतता’ आणि ‘युद्ध’ हे दोन परस्परविरोधी शब्द शेजारी बसले आहेत. अशा नावांत अर्थापेक्षा कुळाचे नाते सांगण्याला महत्त्व असे. ‘रीक’ हा शब्द हेन्री, फ्रेडरिक आणि एरिक या नावांतही आहे, आणि ‘हार्ड’ हा बर्नार्ड, जेरार्ड व लिओनार्ड या नावांत आहे. आपण पणजोबांचे नाव पणतवाला देत आहात, ती कृती या जुन्या रीतीच्या किती जवळ जाते, हे पाहून मला फार समाधान वाटले.

उत्तर: महाल येथील निवृत्त इतिहास शिक्षक

वरील उत्तरात शब्दाचा मागोवा उत्तम घेतला आहे. मी इतिहासाविषयी लिहितो.

इंग्लंडमध्ये हे नाव रुजवण्याचे श्रेय नॉर्मन लोकांना, म्हणजे उत्तर फ्रान्समधील नॉर्मंडीच्या लोकांना, द्यावे लागते. 1066 मध्ये इंग्लंड जिंकणाऱ्या विल्यमचे आजोबा आणि पणजोबा, दोघेही रिचर्ड नावाचे नॉर्मंडीचे अधिपती होते. त्याच्या एका मुलाचे नावही रिचर्डच होते. जेत्यांबरोबर आलेली विल्यम, रॉबर्ट, रिचर्ड आणि हेन्री ही नावे पुढील दोनएक शतकांत इतकी पसरली, की गॉडविन, एथेलरेड यांसारखी अस्सल अँग्लो-सॅक्सन नावे जवळजवळ मागे पडली. म्हणून ज्याला आपण पारंपरिक इंग्रजी नाव म्हणतो, ते मुळात फ्रेंच बोलणाऱ्या राज्यकर्त्यांनी आणलेले जर्मानिक नाव आहे. त्या काळच्या फ्रेंच भाषेत त्यातील ‘च’ स्पष्ट उच्चारला जाई. पुढे फ्रेंचमध्ये त्याचा ‘श’ झाला आणि नाव ‘रिशार’ बनले. इंग्रजीने मात्र जुना ‘च’ टिकवून धरला.

आता व्याह्यांचा मुद्दा. तो रास्त आहे आणि त्याला टाळून पुढे जाऊ नये. पहिला रिचर्ड 1157 मध्ये ऑक्सफर्ड येथे जन्मला आणि 1189 ते 1199 या काळात त्याने राज्य केले. ‘सिंहहृदयी’ हे बिरुद त्याला रणांगणावरील धैर्यामुळे मिळाले. दहा वर्षांच्या कारकिर्दीत तो प्रत्यक्ष इंग्लंडमध्ये सुमारे सहा महिनेच राहिला. उरलेला काळ तिसरे धर्मयुद्ध, परतीच्या वाटेवरील कैद आणि फ्रान्समधील लढाया यांत गेला. 1191 मध्ये एकर शहर जिंकल्यानंतर त्याने सुमारे 2,700 युद्धकैद्यांची कत्तल करवली, ही नोंदही त्याच्याच नावावर आहे. हा राजा शूर होता आणि क्रूरही होता. मुलाला त्याची गोष्ट सांगण्याची वेळ आली, तर दोन्ही बाजू सांगाव्यात.

त्याच्यानंतरच्या दोन रिचर्ड राजांचा शेवट दुःखद झाला. दुसऱ्या रिचर्डला 1399 मध्ये पदच्युत करण्यात आले. तिसरा रिचर्ड 1485 मध्ये बॉसवर्थच्या लढाईत मारला गेला आणि पुढच्या ट्यूडर राजवटीतील लेखकांनी त्याची प्रतिमा अतिशय काळी रंगवली. त्याच्यानंतर इंग्लंडच्या गादीवर या नावाचा एकही राजा बसला नाही. 2012 मध्ये लेस्टर शहरातील एका वाहनतळाखाली त्याचे अवशेष सापडले, डीएनए तपासणीनेही ओळख पटली आणि 2015 मध्ये तेथील कॅथेड्रलमध्ये त्याचे सन्मानाने दफन झाले. राजघराण्याने नाव सोडले, तरी सामान्य लोकांनी ते सोडले नाही, हे मला या इतिहासातील सर्वांत महत्त्वाचे वाटते. शेतकरी, कारागीर, व्यापारी यांच्या घरांत ते शतकानुशतके चालत राहिले आणि रिचर्ड्स, रिचर्डसन, डिक्सन, हिक्स ही आडनावे त्यातूनच निघाली. वेल्श भाषेतील ‘रिचर्डचा मुलगा’ या अर्थाच्या शब्दांचे ‘प्रिचर्ड’ झाले.

नागपूरशी या नावाचा संबंध निश्चित आहे, आणि तो एकदा नव्हे, दोनदा आला. नोव्हेंबर 1817 मध्ये सीताबर्डीच्या टेकडीवर आप्पासाहेब भोसले यांचे सैन्य आणि कंपनीचे सैन्य यांच्यात लढाई झाली, तेव्हा येथील ब्रिटिश रेसिडेंट, म्हणजे दरबारातील कंपनीचा प्रतिनिधी, रिचर्ड जेंकिन्स हा होता. पुढे अल्पवयीन तिसऱ्या रघुजींच्या नावाने त्याने काही वर्षे नागपूर राज्याचा कारभार पाहिला आणि 1827 मध्ये त्याचा या प्रदेशावरील विस्तृत अहवाल प्रसिद्ध झाला. आपले राज्य कसे हातचे गेले, हे ज्यांना समजून घ्यायचे आहे, त्यांना तो आजही चाळावा लागतो. जाता जाता सांगतो, जेंकिन्स हे आडनाव ‘जॉन’च्या एका लाडक्या रूपापासून बनले आहे.

दुसरा रिचर्ड म्हणजे सर रिचर्ड टेंपल. मध्य प्रांताची निर्मिती 1861 मध्ये झाली आणि नागपूर त्याची राजधानी झाली; टेंपल 1862 ते 1867 या काळात येथे मुख्य आयुक्त होता आणि नंतर मुंबईचा गव्हर्नर झाला. आपण ज्याला अजब बंगला म्हणतो, ते मध्यवर्ती संग्रहालय 1863 मध्ये त्याच्याच काळात सुरू झाले. त्याच वर्षी रेव्हरंड स्टीफन हिस्लॉप यांचा बुडून मृत्यू झाला आणि या भागातील आदिवासींविषयी त्यांनी मागे ठेवलेली टिपणे टेंपलने संपादित करून 1866 मध्ये प्रसिद्ध केली. ते काम झाले नसते, तर गोंडांच्या मौखिक परंपरेची एक मोलाची नोंद हरवली असती. टेंपलच्या मुलाचे नावही रिचर्डच होते आणि तो पुढे भारतीय लोककथांचा संग्राहक म्हणून ओळखला गेला. वडिलांचेच नाव मुलाला देण्याची ही पद्धत आपल्याकडे रूढ नाही. आपल्याकडे आजोबांचे नाव नातवाला देतात.

प्रश्नकर्त्या आजींकडून

दोघांचेही मनःपूर्वक आभार. आपली उत्तरे मी काल घरात सर्वांना वाचून दाखवली. ‘राव’ आणि ‘रिच’ यांचे नाते ऐकून वडीलधाऱ्यांचा विरोध बराच मावळला आहे. आता दोन शंका उरल्या आहेत. या नावाचे कोणी संत होऊन गेले का, कारण बाप्तिस्म्याच्या नावामागे एखाद्या सत्पुरुषाचे चरित्र असावे, असे मला वाटते. आणि या नावाचे घरगुती लघुरूप ‘डिक’ असे का होते, ज्यात मूळ नावातील पहिले अक्षरही उरत नाही?

उत्तर: मोहननगर येथील एक धर्मशिक्षिका

आजी, संत आहेत, आणि त्यांचे चरित्र अतिशय प्रेरक आहे. चिचेस्टरचे बिशप संत रिचर्ड यांचा जन्म 1197 च्या सुमारास इंग्लंडमधील ड्रॉइटविच येथे झाला. त्यांची बिशप म्हणून निवड झाली, तेव्हा राजा तिसरा हेन्री याने ती मान्य केली नाही आणि बिशपपदाची मिळकत अडवून धरली. अशा काळात त्यांनी दुसऱ्यांच्या आश्रयाने राहून, पायी फिरून आपल्या लोकांची सेवा केली. त्यांचे राहणे साधे होते आणि धर्मगुरूंच्या वर्तनाबाबत ते कठोर होते. 1253 मध्ये त्यांचे निधन झाले आणि 1262 मध्ये त्यांना संतपद देण्यात आले. चर्च ऑफ इंग्लंडमध्ये त्यांचा स्मरणदिन 16 जून रोजी पाळला जातो, तर रोमन कॅथलिक परंपरेत 3 एप्रिल रोजी. बाप्तिस्म्याच्या उपासनेत पाळक साहेबांना नावाविषयी दोन शब्द बोलायचे असतील, तर सिंहहृदयी राजापेक्षा या बिशपांचे उदाहरण घ्यावे, असे मी आग्रहाने सुचवते.

लघुरूपाविषयी सांगायचे, तर मध्ययुगीन इंग्लंडमध्ये यमक जुळवून लाडकी नावे तयार करण्याची पद्धत होती. ‘रिक’चे ‘डिक’ आणि ‘हिक’ झाले; याच धर्तीवर पुढच्या काळात ‘विल’चे ‘बिल’ आणि ‘रॉब’चे ‘बॉब’ झाले. एकाच गावात त्याच त्या नावांची माणसे भरपूर असल्यामुळे अशा वेगळ्या रूपांची गरजही होती. इंग्रजीत ‘टॉम, डिक आणि हॅरी’ असे म्हटले, की आपल्या ‘सोम्यागोम्या’सारखा अर्थ होतो, यावरून ते नाव किती घरोघरी होते, हे कळते. मात्र आजच्या बोली इंग्रजीत ‘डिक’ या शब्दाला असभ्य अर्थ चिकटला आहे. मुलगा उद्या शिक्षणासाठी परदेशी गेला, तर त्याला त्रास होऊ नये, म्हणून घरात ‘रिची’ किंवा ‘रिक’ म्हणावे, अथवा एखादे स्वतंत्र मराठी हाकेचे नाव ठेवावे.

हे नाव जुनाट वाटते, अशी तक्रार तरुण मंडळी करतात, आणि तीत तथ्य आहे. विसाव्या शतकाच्या मध्यात अमेरिकेत ते मुलांच्या पहिल्या दहा नावांत असे. आता तेथे आणि इंग्लंडमध्येही ते नवजात मुलांना क्वचितच दिले जाते. मला यात उणेपणा वाटत नाही. वर्गात त्याच नावाची चार मुले असण्यापेक्षा हे बरे.

उत्तर: धरमपेठ येथील भाषाशास्त्राचे अभ्यासक

एक व्यावहारिक सूचना करतो. काही जुन्या कागदपत्रांत हे नाव ‘रिचार्ड’ असेही लिहिलेले आढळते. इंग्रजीत आघात पहिल्या अक्षरावर असून दुसरे अक्षर ओझरते उच्चारले जाते, त्यामुळे ‘रिचर्ड’ हे लेखन उच्चाराला अधिक जवळचे आहे. तरीही आपल्या वडिलांच्या बाप्तिस्म्याच्या दाखल्यावर आणि शाळेच्या दाखल्यावर देवनागरीत कोणते रूप आहे, ते आधी पाहावे. तेच ठेवायचे असेल, तर चर्चची नोंदवही आणि महानगरपालिकेचा जन्मदाखला, दोन्हीकडे एकच रूप जाईल, याची काळजी घ्यावी. पुढे शाळाप्रवेशाच्या वेळी एका काना-मात्रेच्या फरकासाठी प्रतिज्ञापत्र करून देण्याची वेळ अनेक पालकांवर येते.

प्रश्नकर्त्या आजींकडून

वडिलांचा शाळेचा दाखला आज कपाटातून काढून पाहिला. त्यावर ‘रिचर्ड’ असेच आहे, आणि तेच रूप आम्ही दोन्हीकडे देणार आहोत. संत रिचर्ड यांच्याविषयीचा मजकूर छापून मी उद्या आमच्या पाळक साहेबांकडे नेऊन देते.