शेतातून गॅसवाहिनी गेली आहे, विहिरीसाठी ना हरकत पत्र मिळत नाही – मदत हवी आहे

रानमाळ (धागाकर्ता)
रायगड जिल्ह्यात माझी ३८ गुंठे जमीन आहे आणि तिच्यातून नैसर्गिक वायूची मोठी वाहिनी गेलेली आहे. मला विहीर खोदायची आहे. आठ महिन्यांपूर्वी कंपनीकडे ना हरकत पत्रासाठी अर्ज केला, त्यानंतर तीन वेळा जाऊन आलो, पण होकारही मिळत नाही आणि लेखी नकारही मिळत नाही. पाणाड्याने दाखवलेली जागा वाहिनीसाठी हक्क घेतलेल्या पट्ट्याच्या बाहेर आहे. पावसाआधी काम झाले नाही तर आणखी एक वर्ष वाया जाईल. पत्राविना खोदकाम सुरू केले तर कायद्याने काय होऊ शकते, एवढेच कृपया सांगा.

सातबारा
आधी काही गोष्टी कळल्याशिवाय उत्तर देता येणार नाही. वाहिनी केव्हा टाकली? सातबाऱ्याच्या इतर हक्कांत तिची नोंद आहे का? नुकसानभरपाई कोणी घेतली? जागा पट्ट्याच्या बाहेर आहे, हे कोणी मोजून सांगितले?

रानमाळ
वाहिनी वडिलांच्या हयातीत टाकली आणि भरपाईही त्यांनीच घेतली. सातबाऱ्यावर नोंद आहे. मोजणी वेगळी कशाला हवी? शेतात कंपनीचा खुणेचा खांब आहे आणि त्याच्यापासून विहीर १४ मीटरवर येते.

न्यायमार्ग
माझा अनुभव सांगतो. अशा कंपन्या नोटीस गेल्याशिवाय हलत नाहीत, तेव्हा वकिलामार्फत नोटीस पाठवा. शिवाय २०१३ च्या भूसंपादन कायद्याप्रमाणे ग्रामीण भागात बाजारभावाच्या चौपटीपर्यंत मोबदला मिळतो, तोही याच वेळी मागून घ्या.

सातबारा
न्यायमार्ग, हा सल्ला त्यांना भलत्या वाटेने नेईल. येथे जमीन संपादित झालेलीच नाही. १९६२ च्या पेट्रोलियम व खनिज वाहिन्यांच्या कायद्याने फक्त जमिनीच्या वापराचा हक्क घेतला जातो. मालकी शेतकऱ्याकडेच राहते, आणि पूर्वी जे पीक घेत होतो ते पुढेही घेता येते. त्या कायद्यातील मोबदला म्हणजे कामामुळे झालेले नुकसान, आणि त्याशिवाय अधिसूचनेच्या तारखेच्या बाजारभावाच्या १० टक्के. ती रक्कम सरकारने नेमलेला सक्षम प्राधिकारी ठरवतो आणि मान्य नसेल तर जिल्हा न्यायाधीशांकडे जाता येते. त्यांच्या वडिलांनी ती स्वीकारलेली आहे.

रानमाळ, तुमच्या प्रश्नाचे उत्तर कलम ९ मध्ये आहे. पट्ट्यात बांधकाम, तळे, विहीर, बंधारा आणि झाडे लावणे यांस मनाई आहे. त्याच कलमात आणखी एक वाक्य आहे, ज्याकडे बहुतेकांचे लक्ष जात नाही: वाहिनीला कोणत्याही प्रकारे इजा होईल असे कृत्य करता येत नाही.

न्यायमार्ग
मालकी राहिली म्हणता, पण ज्या जमिनीत आंब्याचे कलम लावता येत नाही, त्या जमिनीची मालकी कोकणातल्या शेतकऱ्याने काय करायची? १० टक्क्यांत पिढ्यान्‌पिढ्यांचे बंधन विकत घेतले जाते, हे मला अन्यायाचे वाटते आणि ते मी पुन्हा पुन्हा म्हणणार.

सातबारा
त्या अन्यायाबद्दल माझे दुमत नाही. परंतु विहिरीचा प्रश्न त्याने सुटत नाही.

पेठकर_पुणे
आमच्या इमारतीत पाइपचा गॅस येऊन चार वर्षे झाली. वास आला तर मीटरजवळची झडप बंद करावी, खिडक्या उघडाव्यात आणि विजेचे कोणतेही बटण दाबू नये, ही काळजी सर्वांनी घ्यावी. तसेच रानमाळ यांनी ना हरकत पत्राऐवजी शेतघरासाठी जोडणीच मागावी. गॅस त्यांच्याच जमिनीखालून जात असेल तर तो हक्क त्यांचा पहिला आहे.

जुना_लाइनवाला
मी वायुवाहिन्यांच्या देखभालीच्या कामातून निवृत्त झालो आहे. पेठकर यांची भावना मला समजते आणि हा प्रश्न मला गावोगावी विचारला गेला आहे, म्हणून सविस्तर लिहितो. दहेज–उरण–पनवेलसारखी, दूरवर वायू नेणारी पारेषण वाहिनी आणि तुमच्या स्वयंपाकघरातील नळी यांत फार मोठे अंतर आहे. पारेषणाच्या पोलादी नळात वायू कित्येक दहा बार दाबाने वाहतो, तर शेगडीजवळ तो दाब २१ मिलिबार असतो (मिलिबार म्हणजे बारचा हजारावा भाग). मध्ये शहराच्या वेशीवरचे केंद्र लागते, जेथे दाब उतरवून वायू मोजतात आणि गळती कळावी म्हणून त्यात उग्र वासाचे मरकॅप्टन मिसळतात. पुढे शहर वितरण कंपनीचे पोलादी जाळे, मग दाब आणखी उतरवणारी विभागीय नियामक केंद्रे आणि त्यानंतर पिवळे पॉलिथिलीनचे नळ अशी उतरंड असते. त्यामुळे शेताखालच्या नळाला मधेच तोंड पाडून जोडणी देता येत नाही.

आता रानमाळ, तुमच्याकडे वळतो. मला तीन गोष्टी सांगा. ते १४ मीटर विहिरीच्या मध्यापर्यंत आहेत की काठापर्यंत? विहिरीचा व्यास किती? आणि खडक किती फुटांवर लागतो?

रानमाळ
अंतर मध्यापर्यंतचे आहे आणि व्यास २० फूट आहे. मुरूम ८ फुटांपर्यंत आहे, खाली काळा पाषाण आहे. त्यासाठी सुरुंगवाला ठरवला आहे, ट्रॅक्टर कॉम्प्रेसरही सांगून ठेवला आहे. याचा ना हरकत पत्राशी काय संबंध?

जुना_लाइनवाला
संपूर्ण संबंध याच्याशीच आहे. अर्जात सुरुंगाचा उल्लेख केला होता का?

रानमाळ
नाही. तो रकाना अर्जात नव्हता. जागा पाहायला आलेल्या पर्यवेक्षकाला तोंडी सांगितले होते.

जुना_लाइनवाला
मग आठ महिने कागद का अडला, याचा मला तरी अंदाज येतो. लेखी उत्तर न देणे ही त्या कार्यालयाची चूकच आहे आणि तिचे समर्थन मी करणार नाही. परंतु सुरुंगाचा हादरा पट्ट्याची सीमा पाहून थांबत नाही. नळाच्या जोडांना आणि गंजरोधक आवरणाला त्याने धोका पोहोचतो, आणि तो धोका लगेच दिसत नाही.

दुसरी गोष्ट खांबाची. खुणेचा खांब नळाच्या बरोबर डोक्यावर असेलच असे नाही. शिवाय नळ पट्ट्याच्या मधोमध नसतो. काम करताना यंत्रे फिरावीत म्हणून एका बाजूला रुंदी जास्त ठेवतात. राजपत्रातील अधिसूचनेत तुमच्या गट क्रमांकापुढे क्षेत्र दिलेले असते, ते काढा.

कोयनाकाठ
काका म्हणतात ते गंभीरपणे घ्या. २७ जून २०१४ रोजी आंध्रातील नगरम गावात वायुवाहिनी फुटून वीसहून अधिक माणसे गेली. पत्राविना एक फूटही खोदू नका.

जुना_लाइनवाला
कोयनाकाठ, नगरमचे कारण खोदकाम नव्हते. तेथे ओलसर वायूमुळे नळ आतून गंजला होता आणि ती जबाबदारी शेतकऱ्याची मुळीच नव्हती. ते उदाहरण येथे देऊन शेतकऱ्यालाच घाबरवणे मला योग्य वाटत नाही. तुमचा सल्ला मात्र बरोबर आहे.

रानमाळ
राजपत्र मिळाले. माझ्या गटापुढे १२.८० आर, म्हणजे १,२८० चौरस मीटर क्षेत्र आहे. वाहिनी गटातून ६४ मीटर जाते, म्हणजे पट्टा २० मीटरचा झाला. मी दोन्ही बाजूंना १० मीटर धरून चाललो होतो.

सातबारा
आता भूमी अभिलेख कार्यालयात मोजणीचा अर्ज करा आणि त्या दिवशी कंपनीचा माणूस यंत्रासह हजर राहावा, असे पत्र नोंदणीकृत टपालाने पाठवा. कंपनी सरकारी असेल तर माहिती अधिकारात नळाच्या मध्यरेषेपासून दोन्ही बाजूंची रुंदीही मागा. न्यायमार्ग यांची नोटीस नंतरही पाठवता येईल.

न्यायमार्ग
या क्रमाला माझी हरकत नाही. पत्राची पोच मात्र जपून ठेवा.

रानमाळ
पाच आठवड्यांनी लिहितो आहे. मोजणी झाली आणि कंपनीचे दोघे नळशोधक यंत्र घेऊन आले. खांब नळापासून थोडा सरकलेला आहे, पण विहिरीच्या बाजूचे अंतर १४ मीटरच भरले. मात्र त्या बाजूला पट्टा १३ मीटर आहे आणि रस्त्याच्या बाजूला ७ मीटर. म्हणजे विहिरीचा मध्य पट्ट्याबाहेर होता, पण काठ ११ मीटरवर, पट्ट्याच्या दोन मीटर आत येत होता. मी माहीत नसताना तेथे यंत्र लावणार होतो, हे लिहिताना मला आजही अस्वस्थ वाटते.

आता विहीर खालच्या बांधाजवळ घ्यायचे ठरवले आहे. तेथून नळ ४० मीटरवर राहतो. पाणाड्या त्या जागेबद्दल फारसा खूश नाही, पण ओढा जवळ आहे. सुरुंग रद्द केला असून पोकलेनला ब्रेकर लावून खडक फोडणार आहे. खर्च बराच वाढतो. नकाशा आणि हमीपत्र जोडून नवा अर्ज दिला आहे. पोकलेन वरच्या रस्त्याने येणार आहे, त्याबद्दल वेगळे काही विचारावे लागेल का?

जुना_लाइनवाला
हो, आणि बरे झाले विचारलेत. रस्त्याकडून खाली येताना पोकलेन नळावरूनच जाणार. अवजड यंत्र कोठून आणि कसे ओलांडावे, हे कंपनीकडून लेखी घ्या. नळावर मातीचा भराव किंवा पत्रे टाकायला सांगितले तर ते त्यांच्या पर्यवेक्षकासमोरच करा. खांबावर लिहिलेल्या दूरध्वनी क्रमांकावर आदल्या दिवशी कळवा आणि माणूस आल्याशिवाय चालकाला बांध ओलांडू देऊ नका.