रेशीमवाल्याचे घर पाहावे, विणकरांची गल्ली मात्र गाळावी का?

घाटवाटा

आमच्या ज्येष्ठांच्या मंडळाची अठरा जणांची सहल येत्या डिसेंबरात बँकॉकला जाणार असून तिची आखणी माझ्याकडे आहे. तिथल्या मार्गदर्शकाने पाठवलेल्या कार्यक्रमात अर्धा दिवस असा योजलेला आहे: सकाळी दहाला जिम थॉम्पसन यांचे घर, मग कालव्यापलीकडच्या बान क्रुआ या ‘रेशीम विणकरांच्या वस्तीत’ पायी फेरी, एखाद्या मागाचे दर्शन, खरेदी आणि दीडला जेवण. पाहणीसाठी गेलो होतो तेव्हा हा अर्धा दिवस मी एका परक्या गटाबरोबर स्वतः अनुभवला आहे. त्यावरून माझे मत असे झाले आहे की घर ठेवावे आणि वस्ती गाळावी. मंडळात यावर दोन तट पडले आहेत, म्हणून इथे विचारतो.

ज्यांना संदर्भ ठाऊक नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. थॉम्पसन हे मूळचे अमेरिकन वास्तुविशारद. दुसऱ्या महायुद्धात ते अमेरिकेच्या हेरखात्यात होते, १९४५ मध्ये बँकॉकला आले आणि तिथलेच झाले. मोडकळीस आलेल्या हातमागाच्या रेशमाचे नमुने घेऊन ते न्यूयॉर्कला गेले, १९४८ मध्ये त्यांनी कंपनी काढली, आणि १९५१ साली तिथल्या रंगभूमीवर आलेल्या सयामच्या (आजच्या थायलंडच्या) दरबारावरील एका संगीतिकेचे पोशाख या रेशमाचे झाल्यावर मागणी थांबेना. जुनी सागवानी घरे ठिकठिकाणांहून विकत घेऊन, सुटी करून, अशा सहा घरांचे मिळून एक घर त्यांनी कालव्याकाठी उभारले. ज्योतिषाला विचारून १९५९ मध्ये ते तिथे राहायला गेले. २६ मार्च १९६७ रोजी मलेशियातील कॅमेरॉन हायलँड्स इथे फिरायला म्हणून बाहेर पडले ते परत आलेच नाहीत. आजतागायत काही ठावठिकाणा लागलेला नाही, आणि मार्गदर्शक मंडळी एकूण वेळेचा तिसरा हिस्सा या गूढावरच खर्च करतात, हे माझे एक गाऱ्हाणे आहेच.

घर मात्र अप्रतिम आहे. चपला बाहेर काढून आत गेले की गुळगुळीत सागवानी फळ्यांचा गारवा तळपायांना जाणवतो. भिंती वर जाताना किंचित आत कललेल्या आहेत, उंबरे इतके उंच की आमच्या मंडळातल्या निम्म्या जणांना हात धरून ओलांडवावे लागतील. अंगणात पिवळेधमक कोश गरम पाण्यात सोडून त्यांचे सूत काढून दाखवतात. थाई किड्याचा कोश पिवळा असतो हे मला तोवर ठाऊक नव्हते.

त्यानंतर आम्ही पलीकडे गेलो. गल्ली इतकी अरुंद की समोरून माणूस आला तर एकाने भिंतीला टेकावे. दोन्ही बाजूंना उघडी दारे होती. एका दारात एक वृद्ध गृहस्थ जमिनीवर बसून जेवत होते. आमचा अकरा जणांचा घोळका थांबला, मार्गदर्शक इंग्रजीत काही सांगू लागला, आणि त्या गृहस्थांनी काही न बोलता ताट उचलले व आतल्या खोलीत गेले. पुढे माग होता. तिथली बाई थांबली, मार्गदर्शकाने मागावरचे कापड बोटाने उचलून आम्हाला दाखवले, छायाचित्रे निघाली, पंधरा मिनिटांत सर्व आटोपले. अकरांपैकी दोघांनी रुमाल घेतले. मला त्या ताटाची लाज वाटली, आणि आमच्या अठरा जणांना घेऊन पुन्हा त्या दारासमोर उभे राहण्याची माझी तयारी नाही. संग्रहालय हे पाहण्यासाठीच असते, वस्ती राहण्यासाठी असते. माझे म्हणणे एवढेच आहे.

ख्लोंगकाठी

मी नोकरीनिमित्त अकरा वर्षे बँकॉकमध्ये आहे आणि याच कालव्यावरच्या प्रवासी होडीने कामावर जातो. (सेन सेप कालव्याचे पाणी अंगावर येऊ नये म्हणून होडीच्या कडेला प्लास्टिकचा पडदा असतो. कडेला बसणाऱ्याने दोरी ओढून तो वर धरायचा असतो, हे ज्येष्ठांना आधीच सांगून ठेवा.) आपल्या ताटाच्या प्रसंगाबद्दल मला पूर्ण सहानुभूती आहे, परंतु त्यावरून आपण काढलेला निष्कर्ष मला मान्य नाही.

मुळात ‘रेशीम विणकरांची वस्ती’ हे वर्णनच आज खरे नाही, आणि गोंधळाची सुरुवात तिथून होते. बान क्रुआ ही चाम मुसलमानांची, म्हणजे कंबोडिया-व्हिएतनामकडच्या एका समाजाची, वस्ती आहे. सयामचा राजा पहिला राम याच्या कारकिर्दीत, म्हणजे १७८२ ते १८०९ या काळात, सयामच्या बाजूने लढल्याबद्दल कंबोडियाकडून आलेल्या चाम लोकांना ही जमीन मिळाली. सेन सेप कालव्याचे खोदकाम त्यानंतर, राजा तिसरा राम याच्या काळात, १८३७ साली सुरू झाले. त्यांची मशीद आहे, दफनभूमी आहे. विणकाम हा त्यांचा जुना उद्योग होता आणि थॉम्पसन यांच्या काळात तो भरभराटीला आला, हे खरे. कंपनीचे विणकाम पुढे ईशान्येकडे, नाखोन राचासिमा प्रांतातल्या पाक थोंग चाई इथे गेले आणि इथले माग एकामागून एक बंद पडले. आज मोजकीच घरे विणतात. म्हणजे मार्गदर्शक जे दाखवायला नेतो ते बहुतांशी उरलेलेच नाही, आणि जे आहे त्याबद्दल तो बोलत नाही.

जे आहे ते असे. १९८०च्या दशकाच्या अखेरीस द्रुतगती मार्गाची एक जोडशाखा याच वस्तीतून नेण्याचे ठरले होते. ही जमीन आमच्या पूर्वजांना लढाईच्या बदल्यात मिळाली आहे आणि आमची दफनभूमी इथे आहे, असे सांगत लोक वर्षानुवर्षे लढले. रात्री आगीच्या भीतीने पहारे दिले, सार्वजनिक सुनावणी मागितली आणि मिळवली. ती शाखा झाली नाही. दोनशे वर्षांपूर्वी मिळालेली जमीन राजधानीच्या ऐन मध्यभागी, मोठमोठ्या मॉलांपासून हाकेच्या अंतरावर, राखून बसलेल्या या माणसांना तुमच्या अठरा जणांनी भेटूच नये, कारण तुम्हाला अवघडल्यासारखे वाटते? त्यांना दया नको आहे. मार्गदर्शक बदला, गल्ली गाळू नका.

हिशेबी

इतका खल कशासाठी हे मला समजत नाही. थॉम्पसन नसते तर ते माग १९५०च्या आतच सरपणात गेले असते. त्यांनी पक्के रंग आणले, गिऱ्हाईक आणले, पैसा आणला. ज्याने उद्योग उभा केला त्याचे घर पाहावे, तिथल्याच दुकानात खरेदी करावी आणि जेवायला जावे. डिसेंबरातही तिथे घाम निघतो, आणि सत्तरीच्या गुडघ्यांना घराचे जिने व ते उंबरे पुरेसे आहेत. घाटवाटा यांच्या निर्णयाशी मी सहमत आहे, त्यांच्या कारणांशी नाही.

येवलेकरीण

मी येवल्याची. माझ्या आजोळी तीन पिढ्या पैठणी विणली गेली आणि आईच्या हाताखाली मीही लग्नापर्यंत मागावर बसले आहे. त्यामुळे हा धागा वाचताना मी सतत दाराच्या आतल्या बाजूने वाचत होते, हे आधीच सांगते.

हिशेबी, थॉम्पसन यांचे श्रेय मी नाकारत नाही. बाजारपेठ उभी करणे हेही कौशल्यच आहे, आणि येवल्यात त्याचीच वानवा होती. पण ‘ज्याने उद्योग उभा केला’ या शब्दांत तुम्ही बोटांना वगळले. रंग पक्का झाला तरी तार बोटांनीच जोडावी लागते. आणखी एक गोष्ट कोणीच लिहिली नाही म्हणून लिहिते. जे घर पाहा असे तुम्ही म्हणता, त्यातला दिवाणखानाच बान क्रुआतल्या एका विणकराचे घर आहे. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीचे ते घर कालव्यापलीकडून विकत घेऊन, सुटे करून अलीकडे आणले आणि उभारताना त्याच्या भिंती उलट्या लावल्या, म्हणजे बाहेरचे कोरीवकाम आतून दिसावे. दर्शनी सौंदर्य जे गल्लीतून जाणाऱ्या कोणालाही फुकट दिसायचे, ते आता तिकीट काढून आत गेलेल्यालाच दिसते. घाटवाटा, तुम्ही वस्ती गाळा म्हणता, पण वस्तीचे एक घर तुम्ही तिकीट काढून पाहणारच आहात. फक्त त्यात माणूस नसेल.

आता मागाजवळ थांबण्याबद्दल. पैठणीचा पदर विणताना काठापासून काठापर्यंत एकच धोटा (आडवा धागा नेणारे साधन) फेकून भागत नाही. मोराच्या मानेचा निळा, चोचीचा लाल, पानाचा हिरवा अशा प्रत्येक रंगाची छोटी कांडी वेगळी असते आणि ती ताण्याच्या, म्हणजे उभ्या, मोजून घेतलेल्या तारांखालून बोटाने काढावी लागते. हे मोजणे आई तोंडातल्या तोंडात करायची. दारात पाहुणे आले, कोणी तरी ‘एका साडीला किती दिवस लागतात?’ असे विचारले, की आकडा मोडायचा. मग ती हसून उत्तर द्यायची, आणि माणसे गेल्यावर दोन ओळी उसवायची. त्या उसवण्याची मजुरी कोणी देत नाही. एका हिवाळ्यात एका सहल कंपनीच्या गाड्या आठवड्यातून दोनदा आमच्या गल्लीत थांबत असत. गाडी थांबवण्याबद्दल गल्लीच्या तोंडाशी असलेल्या दुकानाकडून टक्केवारी ठरलेली होती, आमच्या घराला त्यातले काही मिळत नव्हते. वडिलांनी दोन वेळा सांगून पाहिले आणि तिसऱ्या वेळी दार लावून घेतले.

तरीसुद्धा मी घाटवाटांच्या बाजूची नाही. दार लावल्यानंतरच्या हिवाळ्यात कोणीही आले नाही, तेव्हा आई एकदा म्हणाली की निदान कोणी पाहत तरी होते. २०१० साली पैठणीला भौगोलिक मानांकन मिळाले, त्याचा कागद काचेत लावलेला मी पाहिला आहे. पण जरीच्या काठात बोट घालून ‘हे उलट्या बाजूनेही असेच दिसते का?’ असे विचारणारी एक बाई आली होती, तिची आठवण आई त्या कागदापेक्षा जास्त काढते. त्या बाईने त्या दिवशी काही घेतले नाही. चार महिन्यांनी पत्ता शोधत आली आणि लेकीच्या लग्नासाठी सांगून गेली. पाहणे आणि बघून जाणे यांत फरक असतो, तो मागावर बसलेल्याला पाठमोरे असतानाही कळतो.

म्हणून माझे म्हणणे तुमच्या दोघांहून वेगळे आहे. आधी वस्ती आणि मग घर, असा क्रम उलटा करा. मागावर कापड कसे तयार होते हे पाहिलेला माणूस त्या दिवाणखान्यात शिरला की त्याला ते घर कोणाचे होते ते आपोआप दिसेल. घरापासून सुरुवात केली, तर विणकर हा थॉम्पसन यांच्या गोष्टीतला शेवटचा परिच्छेद ठरतो, आणि तेव्हा सगळ्यांना भूक लागलेली असते.

घाटवाटा

येवलेकरीणताई, दिवाणखान्याची गोष्ट मला तिथे सांगितली गेली होती आणि मी ती ऐकून सोडून दिली होती, हे कबूल करतो. क्रम उलटा करण्याची सूचना मला पटली. तरी माझी मुख्य अडचण सुटत नाही. तुमच्या घरी येणारी ती बाई एकटी होती. आम्ही अठरा आहोत. अठरा माणसे कितीही सभ्य असली तरी त्या गल्लीत ती गर्दीच ठरते, आणि क्रम बदलला म्हणून त्या गृहस्थांचे ताट जागेवर राहणार नाही.

ख्लोंगकाठी, वस्तीच्या लढ्याचा इतिहास मला ठाऊक नव्हता, परंतु त्यातून माझाच मुद्दा बळकट होतो असे मला वाटते. ज्या लोकांनी रस्ता अडवून धरला त्यांच्या गल्लीचा आम्ही सहलीसाठी रस्ता करावा, हे बरे नव्हे.

ख्लोंगकाठी

कोटी चांगली आहे, पण रस्ता पाडणारा आणि दाराशी येऊन नमस्कार करणारा यांना आपण एकाच तागडीत घालत आहात. अठरांची अडचण मात्र खरी आहे. सहा-सहांचे तीन गट करा. एक गट गल्लीत असताना दुसरा घरात आणि तिसरा कालव्याकाठी चहाला असू द्या. सगळ्यांना वस्ती आधी पाहता येणार नाही, हे मान्य. शुक्रवार टाळा, कारण दुपारच्या नमाजाची गडबड असते. मागवाल्यांना आदल्या दिवशी विचारून वेळ ठरवता येते. विचारायला मी स्वतः जाईन, घरापासून मला होडीने वीस मिनिटे लागतात. नाही म्हणाले, तर त्या दिवशी गल्ली नाही.

हिशेबी

तीन गट, तीन मार्गदर्शक, तिप्पट खर्च. मंडळाच्या सभेत हे मांडताना मला जरूर बोलवा.

येवलेकरीण

तीन मार्गदर्शक कशाला? गल्लीत मार्गदर्शक नसला तरी चालेल. माग चालू असतो तेव्हा मुळात बोलायचेच नसते. ओळ पुरी झाली की विणणारी बाई स्वतः मान वर करते, तेव्हा विचारावे.

एक राहिले. रुमाल घेणार असाल तर मागाच्या घरातच घ्या आणि घासाघीस करू नका. घ्यायचा नसेल तर उलगडायला सांगू नका, पुन्हा घडी घालायला वेळ लागतो.

घाटवाटा

रविवारी मंडळाची सभा आहे. सहा-सहांचा प्रस्ताव ठेवतो, आणि विणणाऱ्यांनी होकार दिला नाही तर फक्त घर, असे लिहून ठेवतो. माझे स्वतःचे मत अजून पुरते बदललेले नाही. गल्लीत जाणाऱ्या गटांपैकी कोणत्याही गटात मी नसेन, चहाच्या ठिकाणी थांबेन. ख्लोंगकाठी, आपला दूरध्वनी क्रमांक व्यक्तिगत निरोपातून पाठवावा.