उद्याच्या मांडवी एक्सप्रेससाठी पिक्चर डाउनलोड

बी-302: नमस्कार मंडळी, उद्या सकाळच्या मांडवीने सासूबाईंना घेऊन कुडाळला चाललोय, वय 78, दिवसभर बसून कंटाळतात, त्यांना मुगल-ए-आझम बघायचाय, फोनवर लावला तर घरातच अडकतोय मग गाडीत कसं होणार? कुणी सांगेल का

ए-104: ताई नेटच्या भरवशावर अजिबात राहू नका, रोह्याच्या पुढे रेंज येते जाते आणि बोगदे आहेतच, एकटा करबुडेचा साडेसहा किलोमीटर. आज रात्री वायफायवर ॲपमधेच डाउनलोड करा, मग फ्लाइट मोड टाकून दोन मिनिटं लावून बघा. मागच्या गणपतीत आमचा 90 टक्क्यांवर थांबलेला, कळलं ते पनवेल गेल्यावर, पोरगी रडून रडून दमली

सी-201: पण भाड्याने घेतला असेल तर आज प्ले दाबू नका हं, बऱ्याच ठिकाणी एकदा चालू केला की 48 तासच मिळतात

डी-403: वहिनी, एक कळकळीने सांगतो, दोन बोटांनी ताणून स्क्रीन भरू नका. जुना पिक्चर जवळजवळ चौकोनी असतो, बाजूला काळ्या पट्ट्या दिसतात त्या दिसू द्या, ताणला की वरखालचं कापलं जातं. शीशमहालात छतावरच्या आरशांत मधुबाला नाचताना दिसते ना, नेमकं तेच जाईल, आणि त्या सेटसाठी दिग्दर्शक के. आसिफनी किती वर्षं घालवली!! आणि इअरफोन द्याच, नौशादचं संगीत फोनच्या एवढ्याशा स्पीकरवर ऐकवू नका, शिवाय डब्यात बाकीच्यांनाही त्रास

बी-302: बरं झालं सांगितलंत काका, मी ताणूनच लावला होता. आई म्हणतायत 1960 ला वडिलांबरोबर मराठा मंदिरला बघितलेला, तेव्हा त्या 13 वर्षांच्या

डी-403: मग ब्लॅक अँड व्हाइटवालाच शोधा, सगळा रंगीत केलेला 2004 ला आला, त्यांनी बघितला त्यात थोडाच भाग रंगीत होता

ए-104: फोनवर बारीक दिसेल त्यांना, आमचा 10 इंची टॅब न्या, आठवडाभर लागत नाहीये. तीन तासांच्या वर आहे पिक्चर, पॉवरबँक पण ठेवा

बी-302: खूप उपकार हो, जेवणं झाली की टॅब घ्यायला येते, डाउनलोड तुमच्याकडेच लावू का? आमचं वायफाय फार स्लो आहे

ए-104: या की, आईंना पण घेऊन या