स्कॉटिश ओटकेक लाटताना कडा का फाटतात?

प्रश्न
मी आतापर्यंत तीन वेळा घरी स्कॉटिश ओटकेक करून पाहिले. प्रत्येक वेळी लाटताना कडा फाटल्या आणि भाजल्यावर चकत्या मध्यभागी चिवट राहिल्या. मी रोल्ड ओट्स, लोणी, मीठ आणि साधे थंड पाणी वापरले होते. पारंपरिक ओटकेक पातळ, कोरडे आणि खुसखुशीत असतात, असे वाचले आहे. माझे नेमके काय चुकत असावे?

पहिले उत्तर
मुख्य अडचण थंड पाण्याची आहे, असे मला वाटते. गव्हाच्या कणकेला ताण देणारे ग्लुटेन ओट्समध्ये नसते. म्हणून पीठ बांधून ठेवण्याचे काम ओट्समधील स्टार्चलाच करावे लागते आणि तो स्टार्च फुगण्यासाठी पाणी चांगले कढत असावे लागते. 225 ग्रॅम मध्यम दळलेल्या ओटमीलमध्ये मीठ आणि पाव चमचा खाण्याचा सोडा मिसळावा, मोठा चमचाभर वितळलेल्या चरबीचे किंवा लोण्याचे मोहन घालावे आणि मग कढत पाणी थोडे थोडे घालत घट्ट गोळा करावा. गोळा गरम असतानाच लाटावा, कारण तो निवत जाईल तसा ठिसूळ होतो. म्हणूनच स्कॉटलंडमध्ये एका वेळी एकाच ओटकेकपुरते पीठ भिजवण्याची जुनी रीत होती. कड फाटू लागली, तर ती बोटांनी आत दाबून पुन्हा सारखी करावी.

रोल्ड ओट्स वाफवून चपटे केलेले असतात, तर ओटमील म्हणजे भट्टीत वाळवलेल्या दाण्यांचे दळण; त्यामुळे दोन्ही पाणी वेगवेगळ्या प्रकारे शोषतात.

दुसरे उत्तर
वरील माहितीत भाजण्याविषयी थोडी भर घालतो, कारण चिवटपणाचे मूळ मला तिथे दिसते. मुळात ओटकेक हा ओव्हनचा पदार्थ नव्हे. चौदाव्या शतकातील फ्रेंच इतिवृत्तकार फ्रुआसार याने लिहिले आहे की, स्कॉटिश सैनिक लोखंडाचा सपाट पत्रा आणि ओटमीलची पिशवी सोबत बाळगत आणि त्या पत्र्यावर पातळ पोळ्या भाजून घेत. पुढे घरोघरी ‘गर्डल’ नावाचा लोखंडी तवा आला. लाटलेल्या गोलाचे चार तुकडे, म्हणजे ‘फार्ल’, मध्यम आचेवर कडा वर वळेपर्यंत भाजायचे आणि नंतर विस्तवासमोर उभे करून वरची बाजू सावकाश वाळवायची, अशी ती पद्धत होती. हे वाळवणे मला सर्वांत महत्त्वाचे वाटते. ओव्हनच वापरायचा असेल, तर चकती साधारण 4 मिलिमीटर जाडीची ठेवून 180 अंश सेल्सिअसवर 20 ते 25 मिनिटे भाजावी, मध्ये एकदा उलटावी आणि ओव्हन बंद केल्यावर काही वेळ आतच राहू द्यावी.

आणखी एक गोष्ट: स्टॅफर्डशायरचे ओटकेक इंग्लंडमधले असून ते पातळ पिठाचे, यीस्ट घालून केलेले आणि मऊ असतात. कृती शोधताना या दोहोंची गल्लत होऊ देऊ नये.

प्रश्नकर्ता
आपणा दोघांचे मनापासून आभार. ओटमील मिळेपर्यंत रोल्ड ओट्स मिक्सरमध्ये दळून घेतले, तर चालेल का?

पहिले उत्तर देणारे
चालेल; मात्र अगदी बारीक पीठ करू नका, रव्याइतके भरड ठेवा आणि पाणी बेताने घाला. ओटकेक पूर्ण निवल्यावरच हवाबंद डब्यात भरा. ते मऊ पडले, तर मंद ओव्हनमध्ये काही मिनिटे ठेवल्यावर पुन्हा खुसखुशीत होतात.