जस्त, कथील, शिसे, कल्हई : कोणता शब्द कशासाठी?

अनुवादक : छपराला ‘टिनचा पत्रा’ म्हणतात, हवाबंद डब्यालाही ‘टिनचा डबा’ म्हणतात. शिवाय विजेच्या कामात ‘टिन चढवलेली तांब्याची तार’ असते. तिन्ही ठिकाणी सरसकट ‘कथील’ लिहिले तर चालेल का? जुन्या मजकुरात ‘वंग’ आणि ‘नाग’ही दिसतात, ते कोण?

भट्टीकर : चालणार नाही. छपराच्या पत्र्यात कथिलाचा अंशही नसतो. तो जस्ती पत्रा, म्हणजे सुमारे 450 अंश सेल्सियसच्या वितळलेल्या जस्तात बुडवून काढलेला पोलादी पत्रा. डब्यावर मात्र खरोखर कथील असते. तो थर मायक्रोमीटरच्या आसपास, पत्र्यावरचा जस्ताचा थर त्याच्या कितीतरी पट जाड. तारेतलेही कथीलच.

हा फरक केवळ शब्दांचा नाही. जस्त लोखंडापेक्षा अधिक क्रियाशील आहे. पत्र्यावर ओरखडा पडून लोखंड उघडे पडले, तरी आजूबाजूचे जस्त आधी झिजते आणि लोखंड वाचते. कथील कमी क्रियाशील. ओल्या हवेत कथिलाच्या थराला ओरखडा गेला की तिथले लोखंड उलट लवकर गंजते. म्हणून ‘कथिलाचा पत्रा छपराला वापरा’ असे भाषांतर झाले, तर सल्लाच चुकतो.

रसशाळा : एक पुरवणी. बंद डब्याच्या आत हा नियम बऱ्याचदा उलटतो. आत प्राणवायू जवळजवळ नसतो आणि फळांतली आम्ले कथिलाच्या आयनांना बांधून ठेवतात, त्यामुळे तिथे कथील झिजते आणि पोलाद वाचते. डबा उघडला की प्राणवायू आत जातो आणि कथील भराभर विरघळू लागते. उघडलेल्या डब्यातला आंबट पदार्थ लगेच काचेच्या भांड्यात काढा म्हणतात, ते याचसाठी. जस्ताच्या भांड्यात तर आंबट काही ठेवूच नये, जस्त आम्लात सहज विरघळते.

कोशवाचक : वंग म्हणजे कथील, नाग म्हणजे शिसे. त्रपु हेही कथिलाचेच नाव. ‘कथील’ संस्कृत ‘कस्तीर’वरून आले, आणि त्याचे नाते ग्रीक ‘कासितेरोस’शी आहे. कथिलाच्या खनिजाचे कॅसिटेराइट हे नावही त्याच ग्रीक शब्दावरून ठेवले. ‘जस्त’ला संस्कृतात ‘यशद’ आणि ‘जसद’ अशी दोन्ही रूपे सापडतात.

गंमत ‘कल्हई’ची. अरबी ‘कलई’चा अर्थच मुळात कथील. मलय द्वीपकल्पाकडच्या कलह नावाच्या बंदरावरून तो शब्द आला असे मानतात. आपल्याकडे धातूचे नाव क्रियेला चिकटले. तेव्हा ‘जस्ताची कल्हई’ हा शब्दप्रयोग मला तरी खटकतो. जस्त ‘चढवतात’, कल्हई कथिलाचीच.

रसशाळा : जस्ताचे नाव कथील-शिशाच्या मानाने उशिरा रूढ झाले, त्याचे कारण भट्टीत आहे. जस्ताच्या ऑक्साइडचे कोळशाने क्षपण करायला, म्हणजे त्यातला प्राणवायू काढून घ्यायला, साधारण 1000 अंश लागतात, आणि जस्त 907 अंशांनाच उकळते. म्हणजे धातू तयार होतो तोच वाफ होऊन. ती वाफ हवेत गेली की पुन्हा पांढरे ऑक्साइड. राजस्थानातल्या जावर येथे मातीच्या बंद मुशी उलट्या ठेवून वाफ खाली, थंड भागात उतरवत असत. युरोपात मार्गग्राफ या जर्मन रसायनशास्त्रज्ञाने 1746 मध्ये धातू वेगळा करून त्याचे गुणधर्म नोंदवले. पितळ मात्र त्याच्याही फार आधीचे : तांबे, जस्ताचे खनिज आणि कोळसा एकत्र तापवले की वाफ थेट तांब्यात मुरते. जस्त कधी न पाहताही पितळ करता येत होते!

अनुवादक : आणि शिसपेन्सिल?

कोशवाचक : तिच्यात शिसे नाही, कधीच नव्हते. ग्रॅफाइट काळसर, चकचकीत आणि कागदावर उमटणारे, म्हणून त्याला युरोपात शिशाचाच प्रकार समजले. ते कार्बन आहे हे शेले या रसायनशास्त्रज्ञाने 1779 मध्ये दाखवले, आणि ‘लिहिणे’ या अर्थाच्या ग्रीक क्रियापदावरून वेर्नर या खनिजशास्त्रज्ञाने 1789 मध्ये ग्रॅफाइट हे नाव दिले. तोवर चूक भाषेत रुजली होती. (शिसवी लाकडाचाही शिशाशी संबंध नाही, ते ‘शिंशपा’वरून.)

भट्टीकर : कल्हईचा विषय निघाला आहे तर नेमके सांगतो. भांडे घासून स्वच्छ करायचे, तापवायचे, कापसाने नवसागर फिरवायचा, कथिलाची कांडी टेकवायची आणि वितळलेले कथील लगेच पुसत पसरवायचे. नवसागर तापून तुटतो. त्यातून निघालेले हायड्रोक्लोरिक आम्ल तांब्यावरचे ऑक्साइड खाते, तेव्हाच कथील धरते. पांढरा धूर दिसतो तो थंड हवेत पुन्हा जुळलेला नवसागर. कथील 232 अंशांना वितळते. भांडे कमी तापले तर गोळे राहतात, फार तापले तर कथिलाचे ऑक्साइड होऊन थर पिवळट, मंद पडतो.

कांडीत शिसे मिसळलेले असेल तर मोठा धोका, कारण शिसे विषारी. शुद्ध कथिलाची कांडी वाकवताना बारीक करकर ऐकू येते. शिशाचे प्रमाण वाढले की ही करकर दबते. शिवाय शिसे असलेली कांडी 183 अंशांपासूनच मऊ पडू लागते आणि वितळताना मध्ये लगद्यासारखी होते. शुद्ध कथील एकदम पाण्यासारखे होते. 63 भाग कथील आणि 37 भाग शिसे हे मिश्रणही 183 ला एकदम वितळते, म्हणून तापमानाकडेही लक्ष हवे. डाखासाठी ते उत्तम, भांड्याला मुळीच नको.

रसशाळा : तुकडा कशाचा हे ओळखायचे तर घनता पाहा. दर घन सेंटिमीटरला शिसे 11.3 ग्रॅम, कथील 7.3, जस्त 7.1. शिसे लगेच वेगळे पडते. उरलेल्या दोघांवर विरल हायड्रोक्लोरिक आम्लाचा थेंब : जस्तावर भरभर बुडबुडे, कथिलावर अगदी संथ. हातमोजे आणि मोकळी हवा हवीच.

अनुवादक : मग तारेसाठी ‘कल्हई केलेली तांब्याची तार’?

कोशवाचक : अर्थ अचूक आहे. पण वाचकाला कल्हई म्हटले की भांडे आठवते. ‘कथील चढवलेली तार’ लिहा. छपरासाठी ‘जस्ती पत्रा’, आणि डबा बोलण्यात टिनचा राहू द्या, त्याच्या वर्णनात मात्र ‘कथिलाचा थर दिलेला पोलादी डबा’.