शकुनीला दुःख द्यायचं तर द्रौपदीचा प्रवेश का गाळावा लागतो?

नौपाडेकर

यंदा आमच्या सोसायटीच्या गणपतीत मुलांनी शकुनीवर एकांकिका बसवली होती. चाळीस मिनिटं हॉलमध्ये एकानेही मोबाईल काढला नाही. कथा टीव्हीमुळे आणि आता रील्समुळे घरोघरी पोचलेलीच आहे. गांधारीच्या पत्रिकेत दोष, म्हणून तिचं लग्न आधी बोकडाशी लावून त्याचा बळी दिलेला. हे हस्तिनापुरात कळतं. सून विधवा होती म्हणून भीष्म चिडतात आणि सुबल राजाला त्याच्या शंभर मुलांसह कोठडीत टाकतात. माणशी रोज एक शित. सुबल म्हणतो, सगळ्यांची शितं एकालाच द्या, जो सर्वांत हुशार आहे तो जगू दे. तो शकुनी. मरताना बाप त्याचा पाय मोडतो, पावलापावलाला सूड आठवावा म्हणून, आणि सांगतो, माझ्या हाडांचे फासे कर.

शकुनी झालेल्या मुलाने फासे मुठीत घेऊन प्रेक्षकांकडे बघितलं आणि पडदा पडला. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते. माझेही डोळे भरून आले होते.

घरी जाण्याआधी तलावपाळीला एक चक्कर मारली, तेव्हा लक्षात आलं की नाटकात द्यूत नव्हतंच. द्रौपदीचं नावसुद्धा नव्हतं. शकुनी ज्या एका गोष्टीमुळे आपल्याला माहीत आहे तीच गाळलेली. आणि मला वाटतं, ती गाळावीच लागते. बापाच्या हाडांचे फासे दाखवून झाल्यावर त्याच फाशांवर एक बाई पणाला लागलेली दाखवली, तर टाळ्या वाजवणारे हात अर्ध्यावर थांबतील.

बी. आर. चोप्रांचं महाभारत दूरदर्शनवर २ ऑक्टोबर १९८८ ला सुरू झालं तेव्हा आमच्याकडे टीव्ही नव्हता. चाळीत शेजाऱ्यांच्या दाराशी उभं राहून ९४ भाग बघितले. गुफी पेंटल लंगडत आले, एक डोळा बारीक करून ‘भांजे’ म्हणाले की पोटात गोळा यायचा. बहिणीला आंधळ्याच्या गळ्यात बांधल्याचा राग त्याही शकुनीला होता. पण राग कळला म्हणून त्याच्यावर माया करा, असं आम्हाला कोणी सांगितलं नाही. आज कुठलीही मालिका लावा, खलनायकाला आधी एक जखम मिळते, आणि मग तो जे करतो ते त्या जखमेच्या खात्यावर जमा होतं. ज्यांच्यावर त्याने अन्याय केला त्यांचं खातं कोणी उघडत नाही. मला हे मनापासून चुकीचं वाटतं.

घोडबंदर

मालिकेच्या लेखन विभागात आहे, म्हणून आतलं सांगतो. आठवड्याला सहा भाग जातात. हातात चार-पाच भागांची बँक, म्हणजे आधीच तयार असलेले भाग, असतील तर डोक्यावरचं ओझं उतरतं. खलनायिका दोन-दोन वर्षं रोज लोकांच्या जेवणाच्या वेळी घरात येते. नुसती दुष्ट बाई इतके दिवस कोणी बघत नाही, आणि करणाऱ्या अभिनेत्रीलाही पुरत नाही. ती सेटवर विचारते, ‘मी हे का करतेय?’ तिला उत्तर द्यावं लागतं. बऱ्याचदा ते ट्रॅक संपत आल्यावर सुचतं आणि आठवडाभर फ्लॅशबॅक चालतो. पण सुचलेलं उत्तर खोटंच असतं असं नाही. लहानपणी मार खाल्लेली माणसं मोठेपणी मारतात, हे आपण आजूबाजूला बघतोच.

नौपाडेकर

बघतो. पण मार खाऊनही न मारणारी माणसं त्याहून जास्त बघतो. त्यांच्यावर आठवडाभराचा फ्लॅशबॅक मी अजून बघितलेला नाही.

दुसरं म्हणजे ही कथा महाभारतात आहे असं सगळे धरून चाललेत. मी चार रविवार मराठी ग्रंथ संग्रहालयात बसून भाषांतरं चाळली. सभापर्वात युधिष्ठिराच्या राजसूय यज्ञाला गांधारराज सुबल मुलासह आलेला आहे आणि यज्ञ झाल्यावर नकुल त्यांना मानाने पोचवायला जातो. म्हणजे बाप जिवंत आहे. भाऊही जिवंत आहेत, युद्धात लढतात. त्यांतल्या वृषक आणि अचल यांना द्रोणपर्वात अर्जुन मारतो. लंगडेपणाही नाही, हा शकुनी शेवटच्या दिवशी घोडदळ घेऊन लढतोय. पुण्याच्या भांडारकर संस्थेने १९१९ ते १९६६ एवढा काळ घालवून, १,२५९ हस्तलिखितं तपासून महाभारताची चिकित्सित आवृत्ती काढली. तिच्यात कोठडी नाही, शित नाही, हाडांचे फासे नाहीत.

खारेगाव

भांडारकरांच्या कामापुढे नतमस्तक आहे. पण ‘त्या आवृत्तीत नाही’ म्हणजे ‘खोटं’ असं तुम्ही धरताय. ओडिशात पंधराव्या शतकात सारळा दासांनी महाभारत रचलं, त्यात बापाच्या अस्थींचे फासे आहेत. टीव्ही येण्याआधी पाचशे वर्षं! केरळमध्ये कोल्लम जिल्ह्यात पवित्रेश्वरमला शकुनीचं देऊळ आहे. इतक्या लांबच्या लोकांना या माणसाबद्दल काहीतरी वाटलं, ते का वाटलं असेल?

माझं उत्तर असं. भीष्म मागणी घेऊन येतात म्हणजे काय येतं, ते लहान राज्याला विचारा. याच भीष्मांनी आधी काशीराजाच्या तिन्ही मुली भर स्वयंवरातून रथात घालून आणल्या होत्या. ही बातमी गांधारला पोचली नसेल? जावई आंधळा म्हणून सुबल कचरला, हे तर तुमच्या व्यासांनीच लिहिलंय. मग ‘कुळ मोठं आहे’ असं मनाला समजावून त्याने मुलगी दिली. त्या ‘हो’च्या मागे किती भीती होती हे ग्रंथात लिहिलेलं नाही. लोकांनी ती मोकळी जागा भरली, आणि कोठडी ही त्या भीतीचीच गोष्ट आहे. मालिकांनी ती उचलली तर काय बिघडलं?

कळवा_स्लो

द्रौपदीला पणाला शकुनीने लावलं नाही, तिच्या नवऱ्याने लावलं. वस्त्राला हात दुःशासनाने घातला. मांडी दुर्योधनाने दाखवली. माना खाली घालून बसले ते भीष्म-द्रोण. तरी घराघरात घरभेद्याला नाव काय? शकुनीमामा. सगळ्या दरबाराचं पाप एका बाहेरून आलेल्या मामावर ढकललं की बाकीचे आजोबा-गुरुजी पूज्य राहायला मोकळे. म्हणून त्याची बाजू मांडली जातेय याचा मला आनंदच आहे.

नौपाडेकर

भीष्म-द्रोणांबद्दल तुमच्या प्रत्येक शब्दाला माझा होकार. युधिष्ठिराबद्दलही. पण स्वतःला हरून बसलेल्या युधिष्ठिराला ‘अजून तुझ्याकडे एक पण शिल्लक आहे, पांचाली’ असं सुचवतो कोण? शकुनी. हे सभापर्वात स्वच्छ आहे. तोपर्यंत राज्य गेलं होतं, भाऊ गेले होते, सूड घ्यायचाच असेल तर तो पुरा झाला होता. पुढचं ते एक वाक्य कुठल्या कोठडीतून आलं?

वर्तकनगर

काका, ती एकांकिका मी लिहिली. तुम्ही शेवटी आत येऊन पाठ थोपटलीत आणि आता हे वाचतोय. वाईट वाटलं नाही, पण उत्तर देणार.

माझे वडील वागळे इस्टेटमध्ये एका कारखान्यात टर्नर होते. एका सकाळी गेले तर गेटला कुलूप. हिशोबाचे पैसे शेवटपर्यंत मिळाले नाहीत. त्यानंतरची दोन वर्षं आई भाताचं पातेलं उतरवायची तेव्हा आम्ही तिघं भावंडं पातेल्याकडे बघत नसू, तिच्या हाताकडे बघत असू. मोठ्या दादाला दहावी होती, म्हणून त्याच्या ताटात एक डाव जास्त. ते कोणी बोलून दाखवलं नाही. आम्हा दोघांना ते कळत होतं आणि दादालाही कळत होतं. तो आजही पंक्तीत ताट भरून घेत नाही.

सगळ्यांची शितं एकाला देण्याची ती गोष्ट पहिल्यांदा ऐकली तेव्हा मला दादा दिसला. ज्याला बाकीच्यांच्या भुकेवर जगवलं, त्याच्यावर किती कर्ज असतं! तो माणूस नुसता जगू शकत नाही, त्याला काहीतरी करून दाखवावंच लागतं. मला ते लिहायचं होतं. द्यूताचा प्रवेश मी लिहिला होता, तालमीत गाळला. तुमचं खरं आहे, तो घातला की प्रेक्षक शकुनीला सोडून जात होते. मला तो चाळीस मिनिटं तरी एकटा पडू द्यायचा नव्हता.

ऐरोलीची

वर्तकनगर, तुमच्या आईच्या हाताबद्दल वाचून काही वेळ पुढचं वाचताच आलं नाही.

तरीही एक विचारते. एकांकिकेत गांधारी किती वेळ होती? सूड तिच्यासाठी, अपमान तिचा, पट्टी तिच्या डोळ्यांवर. पण भावाने कधी तिला विचारलं का, की बाई, तुला हा सूड हवा आहे का? महाभारतात तर ती उलटच बोलते. दुसऱ्यांदा द्यूत मांडायचं ठरतं तेव्हा ती धृतराष्ट्राला सांगते की या मुलाचा त्याग कर. युद्धाआधी तिला मुद्दाम सभेत बोलावून आणतात, तिथेही ती दुर्योधनाला समजावते. आणि शेवटी स्त्रीपर्वात रणांगणावर भावाच्या प्रेताजवळ उभी राहून म्हणते की हे वैर यानेच पेटवलं, माझ्या मुलांच्या नाशासाठी. शंभर मुलगे गेले तिचे. बहिणीच्या नावावर घेतलेला सूड बहिणीच्याच अंगणात येऊन पडला.

आमच्याकडे मालिका बघताना सासूबाई म्हणतात, ‘भाऊ असावा तर असा.’ मी दर वेळी सांगते, नसावा. भाऊ मूग गिळून बसलेला चालेल, पण माझ्या दुःखावर स्वतःचं घर उभारणारा नको.

ठाणे_पूर्व

दोन्ही बाजू सूड गृहीत धरताय. वनपर्वात गंधर्व दुर्योधनाला बांधून नेतात आणि पांडव त्याला सोडवतात. त्या लाजेने तो अन्नपाणी सोडून बसतो. तेव्हा शकुनी त्याला सांगतो की पांडवांचं राज्य त्यांना परत दे आणि कीर्ती मिळव. कुरुकुळ बुडवायला निघालेला माणूस हा सल्ला देईल? मला तो भाच्याच्या घरी राहणारा, एकच विद्या अंगी असलेला मामा वाटतो. भाचा खूश तर आपलं आसन पक्कं. अशा मामांना कोठडीची गरज नसते.

नौपाडेकर

ठाणे_पूर्व, हा भाग माझ्या नजरेतून सुटला होता. पुन्हा काढून वाचतो.

वर्तकनगर, तुझी पाठ थोपटली ती खोटी नव्हती. आता तू लिहिलंस ते वाचल्यावर मला उलट जास्त खंत वाटतेय, आणि ती का ते सांगतो. तुझा दादा एक डाव जास्त घेऊन वाढला आणि आज ताट भरून घेत नाही. शकुनी सगळ्यांची शितं खाऊन वाढला आणि त्याने दुसऱ्याच्या बायकोवर फासे टाकले. ही दोन माणसं सारखी कशी? तू दादाचं दुःख शकुनीला उसनं दिलंस. ते दादाच्याच नावाने लिही ना. वागळे इस्टेटचं कुलूप, तुझी आई, ते पातेलं. त्याला गांधारची वस्त्रं कशाला चढवायची?

आणि शकुनीला दुःख हवंच असेल तर व्यासांनी दिलेलं आहे, आपण ते दाखवत नाही. अठराव्या दिवशी सहदेव त्याच्या डोळ्यांसमोर त्याच्या मुलाला, उलूकाला मारतो. शकुनीचे डोळे भरून येतात आणि त्याला विदुराचं बोलणं आठवतं. तेच बोलणं, जे ऐकायचं त्याने द्यूताच्या वेळी नाकारलं होतं. मग तो पुन्हा सहदेवावर धावून जातो आणि मरतो. हा प्रसंग वाचताना मला त्याच्याबद्दल जे वाटलं ते कोठडी बघून वाटलं नव्हतं. इथे त्याचं दुःख त्याने केलेल्याच्या नंतर येतं, त्यामुळे मला काहीच माफ करावं लागत नाही आणि तरी तो माणूस दिसतो.

खारेगाव

काका, उलूकाचा प्रसंग घ्यायलाच हवा, मान्य. पण ‘स्वतःच्या नावाने लिही’ हे मला पटत नाही. वागळे इस्टेटचं नाटक म्हटलं असतं तर तुमच्या सोसायटीतले किती जण खाली उतरले असते? शकुनी म्हटल्यावर हॉल भरला. जुन्या नावाखाली आपलं सांगणं ही इथली फार जुनी रीत आहे.

घोडबंदर

यावर मी खारेगावच्या बाजूने. मात्र द्यूत गाळायला नको होतं. प्रेक्षक सोडून जातात तर जाऊ द्यायचे, लिहिणाऱ्याने जायचं नाही.

वर्तकनगर

काका, दादाच्या नावाने लिहायचं तर आधी दादाला विचारावं लागेल आणि ते धाडस मला अजून झालेलं नाही. म्हणून शकुनी.

माघी गणपतीत पुन्हा प्रयोग आहे. द्यूताचा प्रवेश परत घालतोय. ऐरोलीच्या ताईंचं वाचून गांधारी पहिल्यापासून शेवटपर्यंत रंगमंचावर ठेवायची ठरवली आहे, पट्टी बांधून एका बाजूला बसलेली. उलूकाला जागा होईल का बघतो, पात्रं वाढतात आणि हॉल लहान आहे. शितांचा प्रवेश मात्र आहे तसाच राहणार. त्यातला एक शब्द मी हलवणार नाही.

नौपाडेकर

नको हलवूस. मी पहिल्या रांगेत येऊन बसेन. आणि द्यूत संपल्यावर लोक टाळ्या वाजवतात का, ते बघेन.